व्होल्गावरची बोट, १:२०० : कठडे उभे राहिले

मंडळी, रशियातल्या व्होल्गा नदीवरच्या बोटीचं हे मॉडेल; गेल्या खेपेला त्याचा हल, म्हणजे बोटीचं धड, प्रायमर मारून ठेवला होता. त्यानंतरचे पाच रविवार नुसत्या कठड्यांवर गेले.

बोट तीच, ‘प्रकल्प ५८८’ या आराखड्याची प्रवासी बोट. सोव्हिएत नद्यांसाठी १९५० च्या दशकात पूर्व जर्मनीतल्या विस्मारच्या गोदीत बांधलेली, तीन डेकांची, तीन डिझेल इंजिनांची. मूळ लांबी ९५.८ मीटर, म्हणजे माझ्या टेबलावर ४८ सेंटिमीटरला जरा कमी. मीटरभर उंचीचा कठडा इथे ५ मिलिमीटरचा होतो. आधी सुपरग्लूने तारा चिकटवल्या, तर वाफेने शेजारचा रंग पांढुरका पडला. सगळं उपटलं. मग प्लायवुडवर टाचण्या ठोकून साचा केला आणि ट्रान्सफॉर्मरमधली तांब्याची तार डाग देऊन जोडली. तारेवरचं इनॅमल आधी खरवडून काढा, नाहीतर डाग धरतच नाही.

एवढा वेळ कठड्यावर का, तर या बोटीवर प्रवासी राहायचा तिथेच. केबिनभोवती छताखालची गॅलरी फिरते, तिथे उभं राहिलं की समोर नदी. मॉस्को ते आस्त्राखान कित्येक दिवसांचा प्रवास, आणि मॉस्को कालव्याच्या २९० मीटर लांब, ३० मीटर रुंद लॉकमध्ये (पाणी कमी-जास्त करून बोट वर-खाली नेणाऱ्या दरवाजांच्या हौदात) बोट उतरली की सगळे कठड्याला टेकून ओल्या भिंती बघणार. याच कालव्यावर याख्रोमाला असलेल्या तिसऱ्या लॉकच्या मनोऱ्यांवर तांब्याची गलबतं आहेत, ती मला फार आवडतात.

आता धक्का करायला घेतलाय. व्होल्गाला वसंतात पूर येतो, पाणी खूप चढतं-उतरतं, म्हणून तिथे धक्काही तरंगता असतो. त्याला देबार्काडेर म्हणतात. तिकीटखिडकी, प्रतीक्षागृह सगळं त्या पाण्यावरच्या इमारतीत. गर्दी झाली की बोटी एकमेकींना खेटून लागतात आणि बाहेरच्या बोटीचे प्रवासी आतल्या बोटीतून चालत किनाऱ्यावर जातात. म्हणून दुसरी बोटही लागेल, निदान अर्धी.

ही नदीच का, असं दोघांनी विचारलं होतं. रेवदंड्याला अफानासी निकितिनचा स्मृतिस्तंभ आहे. रशियातल्या त्वेर शहराचा हा व्यापारी याच व्होल्गाने खाली निघाला, आस्त्राखानजवळ लुटला गेला, तरी पुढे चौलला उतरला. तो स्तंभ लहानपणापासून पाहतोय.

पुलाखालून जाताना डोलकाठी आडवी होते, ती बिजागरी अजून बाकी आहे. अर्ध्या मिलिमीटरची पिन कोणी वापरली असेल तर सांगा.