काकू

आज गोकुळपेठेच्या बाजारात गेलेच नसते तर बरं झालं असतं. सांबार (कोथिंबीर) आणि धोप्याची (अळूची) पानं, एवढंच घ्यायचं होतं. पोळा झाला, महालक्ष्म्या तोंडावर आल्या, त्यामुळे पाय ठेवायला जागा नाही. वाकून जुडी निवडली, मान वर केली तर समोर ती. हातात निळी कापडी पिशवी, आमच्याच घरातली. (पिशवी वाटणीच्या यादीत नव्हती. असो.)

"काकू, बऱ्या आहात ना?"

बस्स, एवढंच. मग दोन मिनिटं पावसाचं, ह्यांच्या शुगरचं. ती गेली, मीही निघाले. सांबार तिथंच राहिला.

दुपारपासून तो शब्द दातात अडकलेल्या फल्लीच्या सालासारखा झालाय, जीभ सारखी तिथंच जाते. चार वर्षं आई होते मी. "आई, कुकरच्या किती शिट्ट्या?" "आई, तुम्ही बसा, मी बघते." आणि आज काकू. निदान अडखळायची तरी. आधी 'आ' निघाला असता, मग सावरली असती, तर घरी येऊन रडून मोकळी झाले असते. पण छे, भाजीवाल्याला भाव विचारावा इतकं सहज.

मुलाच्या घटस्फोटाचा निकाल लागून चार महिने झाले. सिव्हिल लाइन्सच्या कोर्टात दोन्ही तारखांना बाहेरच्या बाकावर मीच बसले होते, पाण्याची बाटली धरून. आत दोघांना विचारतात म्हणे, कुणाचा दबाव आहे का. दोघंही नाही म्हणाले. बाहेरच्या बाकावरच्या बाईला कोणी काही विचारत नाही.

दबाव नव्हताच म्हणा. कलम १३-ब, परस्पर संमती. वर्षभर वेगळे राहिलेले असले की एकत्र अर्ज, मग सहा महिने थांबायचं, मग पुन्हा येऊन सांगायचं की आमचं तेच ठरलंय. पुतण्या वकील आहे, तो तेव्हाच म्हणाला होता की २०१७ साली सुप्रीम कोर्टानं सांगितलंय, हे सहा महिने माफही होऊ शकतात. पण त्यासाठी अर्जाच्या आधीच दीड वर्ष वेगळं राहिलेलं असावं लागतं. त्या दोघांचे तेराच महिने झाले होते. मला मनातून बरंच वाटलं. विचार बदलावा म्हणून तर कायद्यानं ते महिने ठेवलेत ना! मी दर मंगळवारी टेकडीच्या गणपतीला जात होते. त्या दोघांनी तेवढ्यात फ्रिज कोणाचा, वॉशिंग मशीन कोणाचं, ते उरकून घेतलं.

कागदावर शेवटी लिहिलं होतं, उभयपक्षी आता काही देणंघेणं राहिलेलं नाही. उभयपक्षी. मी तर कुठल्याच पक्षात नव्हते. माझं राहिलेलं देणंघेणं कोणत्या कलमात घालायचं?

पाटल्यांचंही तसंच. लग्नात घातलेलं म्हणजे स्त्रीधन, ते तिचंच, नवऱ्याचाही त्यावर हक्क नाही, हे पुतण्यानं मला दोनदा समजावलं. मी तिला तेच सांगितलं, डबी पुढे केली. तिनं नुसती मान हलवली. जाऊ दे, तो विषय नकोच.

आणि लोक! घटस्फोट म्हटलं की पहिला प्रश्न, सासूचा त्रास होता का. सासू आणि ४९८-अ, सासरच्या छळाचं कलम, एका दमात. (ते आता ४९८-अ राहिलेलं नाही, जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत ८५ झालंय. आकडा बदलला तरी बायकांच्या माना माझ्याकडेच वळतात.)

संध्याकाळी पुतण्या आला. मी बाजारातलं सांगितलं.

"काकू, तुम्ही एवढ्याशा गोष्टीचं काऊन टेन्शन घेऊन राहिल्या?"

त्याच्या तोंडी तोच शब्द किती ऐसपैस वाटतो. ते जन्माचं काकूपण आहे, कोणी अर्ज केला म्हणून जायचं नाही. मी म्हटलं, बाबा, खरं सांग, कायद्यात आता ती आमची कोणीच नाही? त्यानं चहात खारी बुडवली, जरा विचार केला आणि म्हणाला, "एका बाबतीत आहे नं."

मी सावरून बसले.

तर, हिंदू विवाह कायदा १९५५. लग्नाला निषिद्ध नाती कोणती, त्याची व्याख्या आहे. त्यात, जी कधीकाळी मुलाची बायको होती, तिच्याशी सासऱ्याला लग्न करता येत नाही. 'होती' असंच लिहिलंय, म्हणजे घटस्फोटानंतरही. "तेवढ्यापुरती ती कायमची तुमच्या घरची सून."

हे सोफ्यावर पेपर वाचत होते. ऐकू न आल्यासारखं केलं, पण चष्मा सरकला. आणि मला जे हसू फुटलं! चार महिन्यांत अशी हसले नव्हते. म्हणजे अख्ख्या कायद्यात नातं टिकवलं ते कोणासाठी, तर ह्यांच्यासाठी, आणि तेही कशासाठी! मला काय मिळालं, तर काकू. पुतण्याला वाटलं काकू रडतेय, पाणी आणायला उठला.

तो गेल्यावर पुन्हा जीभ त्याच दाताकडे.

आता खरं ते लिहिते. वर बाजारातलं लिहिताना मी एक वाक्य गाळलंय. ती आधी बोललीच नव्हती. मान वर केली तेव्हा ती नुसती बघत उभी होती, चेहऱ्यावर काही ठरलेलं नव्हतं. तोंड आधी माझंच उघडलं.

"अय्या, तुम्ही इकडे कुठे?"

तुम्ही. पाच फूट दोन इंचाच्या त्या पोरीला. जिला मी "अगं ए, केस पूस, सर्दी होईल" असं न्हाणीघरापर्यंत ओरडत जायची, तिला अहो-जाहो. कुठून आलं तोंडात, मला खरंच ठाऊक नाही. तू म्हणायचा हक्क गेला असं कधी वाटलं मला? कोणी सांगितलं? मग बिचारी काय म्हणेल? मी तिला पाहुणी केलं, तिनं मला काकू केलं. फिटंफाट.

म्हणजे दुपारपासून मी तिच्यावर रुसून बसले होते ते उगीचच. आता रुसायचं तर स्वतःवर, आणि या वयात ते परवडत नाही, बी.पी. वाढतो.

रात्री माळ्यावरून महालक्ष्म्यांची पेटी उतरवली. मुखवटे पुसले. साड्या तीच नेसवायची. ज्येष्ठेच्या निऱ्या अशा पाडायची की ह्यांची आतेबहीण दर वर्षी वाकून मोजायची. मागच्या वर्षी शेजारणीनं नेसवल्या, स्वतःच्या पिना घेऊन आली होती. दुसऱ्या दिवशी ऐन जेवणाच्या वेळी कनिष्ठेचा पदर खाली. यंदा मीच नेसवीन म्हटलं, तर आमच्या पिनांची डबी सापडेना. अख्खं घर पालथं घातलं.

फोनमध्ये ती अजून 'सूनबाई' आहे. मेसेज लिहायला घेतला. 'डबी कुठे ठेवलीस' लिहिलं, तो 'स' बराच वेळ बघत बसले, खोडला. 'कुठे ठेवलीत' लिहिलं, तेही खोडलं. आपली मराठी बाई सोयीची, कोणाला म्हणतोय ते न सांगताही विचारता येतं. शेवटी पाठवलं, 'महालक्ष्म्यांच्या पिनांची डबी कुठे असेल?'

दोन मिनिटांत उत्तर. 'देवघराखालच्या फडताळात, कापसाच्या मागे. दोन तुटल्या आहेत, नव्या आणून ठेवा.'

तिनंही वर काही लिहिलं नव्हतं. ना आई, ना काकू.

डबी तिथंच होती. तीन तुटलेल्या निघाल्या.