उझुमासात मरणारा माणूस

क्योटोच्या देवळांबद्दल लिहीत नाही. किंकाकुजीला रेटारेटी, अराशियामाच्या बांबूच्या बनात सेल्फीवाल्यांच्या काठ्या. वैतागून रांदेनची चिमुकली ट्राम पकडली आणि उझुमासा-कोर्यूजीला उतरलो.

इथे तोएई या जपानी सिनेमा कंपनीचा स्टुडिओ आहे. त्यालगतचा सेट कंपनीने 1975 साली तिकीट लावून लोकांना खुला केला. एदो काळातल्या, म्हणजे सामुराईंच्या जमान्यातल्या गल्ल्या, पूल, दुकानं. निन्जाचे कपडे भाड्याने, आइस्क्रीम, फोटो. मला तर लगेच कंटाळा आला. मग एका गल्लीच्या तोंडाशी दोरी दिसली. पलीकडे खरंखुरं शूटिंग चालू होतं!

कमरेला चिकटपट्ट्यांची रिळं लटकवलेला एक पोऱ्या धावत होता, दुसरा रस्त्यावर पाणी शिंपडत होता. केसांचा टोप बसवणाऱ्या बाई कंगवा दातात धरून उभ्या. दुपार टळून गेली होती, तरी नव्याने येणारा प्रत्येकजण सगळ्यांना ‘ओहायो गोझाइमास’ म्हणजे शुभ सकाळ म्हणत होता. सिनेमावाल्यांची तशी रीतच आहे. हिरो अजून यायचा होता.

तोवर साठीचे एक गृहस्थ मरण्याची तालीम करत होते. बांबूवर चंदेरी वर्ख लावलेली तलवार पोटाजवळून जायची, हे कंबरेतून मागे वाकून धाडकन पडायचे. उठायचे, धोतर वाळत घालताना झटकावं तसा किमोनो झटकायचे, मारणाऱ्या पोराला वाकून नमस्कार करायचे, पुन्हा पडायचे. पोरगा चुकला तरी नमस्कार यांचाच!

अशा मरणाऱ्या नटांचा इथे वेगळा वर्गच आहे. त्यांच्यातले सेइझो फुकुमोतो पडद्यावर 50,000 वेळा मेले असं सांगतात. ‘द लास्ट सामुराई’मध्ये टॉम क्रूझवर पाळत ठेवणारा अबोल पहारेकरी तेच. मुख्य भूमिका मिळाली ती सत्तरी ओलांडल्यावर, 2014 साली. आपल्याकडे अशा माणसाला ‘एक्स्ट्रा’ म्हणून मोकळे होतात. मला याचा राग येतो.

शेवटी हिरो आला. डोक्यावर छत्री धरलेली, हातात छोटा पंखा. दोन टेकमध्ये काम उरकून गेलाही. गर्दी त्याच्यामागे पळाली.

बायकोचं एव्हाना निन्जाघर बघून झालं होतं. ‘‘दोरीला लटकायचे पैसे भरले होते का आपण?’’ म्हणाली. तिकीट काही स्वस्त नव्हतं, हे खरं. फोटो मात्र एकही नाही. दोरीपाशी मनाई होती.