'द गोट' का दाखवत नाही? तुम्ही विचारलंत म्हणून

दर मे महिन्यात मी मुलांना चॅप्लिन, बस्टर कीटन यांचे विनोदी मूकपट दाखवते आणि दर वर्षी कुणीतरी विचारतंच, "ताई, कीटनचा 'द गोट' का नाही?" "प्रिंट बरी नाही," असं म्हणून मी वेळ मारून नेते. ते खरं नाही.

एकाला दुसराच समजण्याच्या विनोदाचं मला वावडं नाही. चॅप्लिनच्या 'द आयडल क्लास'मध्ये बायको भटक्यालाच नवरा समजते, खरा नवरा चिलखतात अडकलेला. तो दाखवते. 'कन्व्हिक्ट १३'मध्ये कीटन कैद्याच्या कपड्यांपायी फासापर्यंत पोचतो. तोही दाखवते. कपड्यांचा घोटाळा कपड्यांपाशीच मिटतो.

१९२१ चा 'द गोट', म्हणजे बळीचा बकरा, तसा नाही. पोलीस ठाण्यात डेड शॉट डॅन या खुन्याचा फोटो काढायचाय. मागच्या खिडकीचे गज धरून कीटन बाहेरून डोकावतोय. फोटोग्राफरची नजर चुकवून डॅन खाली वाकतो, कीटनचा फोटो काढतो आणि वर कॅमेऱ्यावर टोपी झाकतो. मग तो पळून जातो आणि पोस्टरं लागतात गजांआडच्या कीटनची.

माझ्या धाकट्या भावाचं हेच झालं. एका कापडदुकानात चोरी झाली आणि सीसीटीव्हीतून भलत्याच वेळेचं चित्र निघालं. दाराच्या काचेवर कागद: 'चोरापासून सावध'. खाली तो, चौकड्यांचा शर्ट, हात गल्ल्यापाशी. पैसे देत होता. चार दिवस तो कागद तिथे होता. भाजी आणताना मला दिसला. घरी आले, पिशवीसुद्धा खाली ठेवली नाही आणि विचारलं, "तू काही उचललं नाहीस ना?"

तो जेवत होता. हातातला घास त्याने ताटात ठेवला.

दुकानदाराने नंतर माफी मागितली. मी काय मागणार होते? फोटो त्याचाच होता, मी त्याला ओळखलंच होतं, असं मी स्वतःला कितीदा सांगितलं. पण सख्ख्या बहिणीला विचारावं का लागलं?

पूर्वी मीच मुलांना सांगायचे, "कीटनचा चेहरा बघा, हलत नाही." त्यावर पोरं खदखदायची, मीही. तेव्हाची मी चूक होते असंही म्हणवत नाही. तो प्रसंग आजही तितकाच अचूक बेतलेला आहे.

परवा भावानेच विचारलं, "यंदा 'द गोट' लावतेस ना?" मी म्हटलं, "प्रिंट बरी नाही."