मागे बघ, मागे!

वेस क्रेव्हन यांच्या १९९६ सालच्या ‘स्क्रीम’ या भयपटात व्हिडिओ लायब्ररीत काम करणारा रँडी सोफ्यावर एकटाच बसून ‘हॅलोवीन’ हा जुना भयपट बघत असतो आणि पडद्यावरच्या नायिकेला ‘मागे बघ, मागे!’ असे ओरडून सांगत असतो. नेमका तेव्हाच मुखवटा घातलेला खुनी त्याच्या स्वतःच्या पाठीशी उभा असतो. सांगलीत आमच्या माडीवर भाड्याच्या कॅसेटवर हा प्रसंग पाहताना माझ्या धाकट्या भावाने खरोखरच मागे वळून पाहिले होते.

आपण भयपट आहोत याचे भान असलेला हा स्लॅशर (खुनी एकेकाला गाठून मारत जातो असा) प्रकार मला कधी परका वाटला नाही. १८४३ मध्ये याच गावात विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ केले, त्यातही सूत्रधार आणि विदूषक होतेच. सोंग उघड केले म्हणून त्याची पकड सुटत नाही, हे आपल्याला जुनेच आहे. सूत्रधारावर मात्र कोणी सुरा उगारत नाही. भयपटात कोण मरतो, कोण वाचतो याचे सगळे नियम रँडीला पाठ असूनही ते त्याच्या उपयोगी पडत नाहीत, आणि माझ्या मते या चित्रपटांची सारी गोडी तिथेच आहे.

पण ते नियम कळायचे, तर ज्यांच्यावरून ते बेतले ते चित्रपट शिल्लक असायला हवेत. ‘स्क्रीम’ कुठेही मिळतो, त्याची चिंता नको. त्याच्या पंधरा वर्षे आधी ‘स्टुडंट बॉडीज’ने पडद्यावर मृतांचा आकडा झळकवून हीच थट्टा केली होती, हे मात्र फार थोड्यांच्या लक्षात आहे, आणि त्या काळातले कित्येक फुटकळ भयपट तर कॅसेटपलीकडे कधी गेलेच नाहीत. असे चित्रपट इंटरनेट अर्काइव्हसारख्या ऑनलाइन संग्रहात सापडतात ते कोणीतरी घरच्या व्हीसीआरवरून उतरवून ठेवले म्हणून. दीड तासाचा चित्रपट उतरवायला दीड तासच लागतो, त्यात घाई चालत नाही.

२०१९ च्या महापुरात आमच्याही कॅसेट भिजल्या. कॅसेटच्या पारदर्शक खिडकीतून पांढरी बुरशी दिसत असेल, तर ती तशीच व्हीसीआरमध्ये घालू नये. बुरशी हेडला, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागाला, लागते आणि पुढच्या कॅसेटही खराब होतात. मी पाच स्क्रू काढून रिळे वेगळी केली, सावलीत वाळवली, मऊ कापडाने पुसली आणि दुसऱ्या कवचात बसवली. बहुतेक चालल्या. ‘स्क्रीम’ची टेप मात्र त्याच प्रसंगाजवळ चुरगळली आहे: रँडीचे ओरडणे स्पष्ट ऐकू येते, पण पाठीमागे उभा असलेला खुनी पांढऱ्या रेघांत दिसेनासा होतो.