दार रबरासारखं वाकलं तर विनोद मेला

कार्टून मालिकेत संवाद लेखकांचे, आवाज नटांचे आणि चित्रं शेकडो हातांची. मग दिग्दर्शक करतो काय, हे समजून घ्यायचं तर 'द सिम्प्सन्स'चा डेव्हिड सिल्व्हरमन बघावा.

1987 साली 'ट्रेसी उलमन शो' या अमेरिकी विनोदी कार्यक्रमात सिम्प्सन कुटुंबाच्या मिनिट-दोन मिनिटांच्या फिती लागायच्या. या कुटुंबाचा जनक मॅट ग्रेनिंग कच्ची रेखाटनं द्यायचा. अॅनिमेटर ती नीटनेटकी करून घेतील असा त्याचा समज होता, पण सिल्व्हरमन, वेस आर्चर या मंडळींनी ती आहेत तशीच गिरवली. सुरुवातीची ती वेडीवाकडी तोंडं त्यातूनच आली.

खरी कसोटी अर्ध्या तासाच्या मालिकेच्या वेळी लागली. अॅनिमेशनसाठी पाठवलेला पहिला भाग तयार होऊन कोरियाहून परत आला आणि सगळ्यांचे चेहरे पडले. कारण त्यातलं दार आपटलं की रबरासारखं वाकायचं. इतर कार्टूनमध्ये हे खपून जातं. पण निर्माते जेम्स ब्रूक्स यांना खऱ्या घरासारखं घर हवं होतं. भिंत टणक असेल तरच कुटुंबातला बाप होमर तिच्यावर आदळल्याचं काही वाटतं, नाहीतर पुढच्या क्षणी तो चेंडूसारखा उसळणार हे प्रेक्षकाला आधीच ठाऊक असतं. जवळपास 70 टक्के भाग पुन्हा करावा लागला. दुसरा, सिल्व्हरमनने दिग्दर्शित केलेला, भाग ठीक निघाला म्हणून मालिका वाचली. शुभारंभ लांबून 17 डिसेंबर 1989 वर गेला, तोही त्याच्याच नाताळच्या भागाने. तो फसलेला पहिला भाग दुरुस्त होऊन मे 1990 मध्ये हंगामाच्या शेवटी लागला.

आता कामाकडे. आधी आवाज ध्वनिमुद्रित होतात, मग स्टोरीबोर्ड (प्रसंगांची कच्ची चित्रं), मग त्याच चित्रांना आवाज जोडून अॅनिमॅटिक. विनोद चालतो की नाही ते इथेच कळतं, आणि बदल स्वस्तात होतात तेही इथेच. पुढे लेआउट, म्हणजे प्रत्येक शॉटमधल्या पात्रांच्या मुख्य पोझ काढणं. 'सिम्प्सन्स'मध्ये हे काम वर्षानुवर्षं लॉस एंजेलिसमध्येच व्हायचं, म्हणजे पात्रांचा अभिनय दिग्दर्शकाच्या डोळ्यांदेखत ठरायचा आणि चित्रं कोरियाला जायची ती फक्त मधले दुवे भरायला.

त्यासोबत जाते एक्स-शीट: प्रत्येक फ्रेमची एक ओळ असलेला तक्ता. सेकंदाला 24 फ्रेम धरल्या तर 22 मिनिटांच्या भागाच्या 31,680 ओळी होतात. एक चित्र साधारण दोन फ्रेम टिकतं. चेहऱ्यावरचा भाव कळायला निदान 8 ते 12 फ्रेम स्थिर लागतात. त्याहून आधी पात्र हललं, तर डोळ्यांना काहीतरी हललं एवढंच कळतं, भाव पोचतच नाही. ओठ आवाजाच्या फ्रेमभर आधी उघडलेले बरे. नंतर उघडले तर डबिंग केल्यासारखं वाटतं.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो मधल्या चित्रांत. सूचना नसेल तर दोन पोझमधलं अंतर सारखं वाटून टाकलं जातं आणि पात्र पाण्यात तरंगल्यासारखं हलतं. म्हणून की-पोझच्या (मुख्य पोझच्या) शेजारी स्पेसिंगचा तक्ता काढतात: चित्रं कुठे दाट, कुठे विरळ. काही ठिकाणी तर मधे चित्रच नको, थेट उडी, असं स्पष्ट लिहावं लागतं. दुसरी नेहमीची चूक म्हणजे संवाद आणि हालचाल एकाच वेळी. प्रेक्षक दोन्हीपैकी एकच पकडतो, म्हणून आधी बोलणं संपवायचं, मग हालचाल.

सिल्व्हरमनची खासियत होती भडकलेला, भ्रमिष्ट झालेला होमर. एरवी सगळं संयत ठेवल्यामुळे तो उफाळला की अंगावर येतो. पुढे सिल्व्हरमन 'मॉन्स्टर्स, इंक.'चा (2001) सहदिग्दर्शक झाला आणि 2007 चा सिम्प्सन्सचा चित्रपटही त्यानेच केला. माझ्या मते त्याची ताकद मालिकेत जास्त दिसते. तिथे पुढचा भाग सतत डोक्यावर बसलेला असतो, त्यामुळे कुठे हात राखायचा ते ठरवावंच लागतं.

शेवटी रिटेक, म्हणजे चुकलेले शॉट पुन्हा करून घेणं. वेळ आणि पैसा मोजका असतो, त्यामुळे यादीला क्रम हवा: आधी विनोद बिघडवणारे शॉट, मग ओठ-आवाजाच्या चुका, शेवटी रंग. होमरचा मुलगा बार्ट, त्याच्या डोक्यावर नऊऐवजी आठ टोकं एखाद्या गर्दीच्या शॉटमध्ये आली, तर ती बिनधास्त सोडून द्यावीत.