हुगळीकाठची टूर आणि ‘फक्त दोन जण कमी’

‘किमान सहा प्रवासी आवश्यक’ ही ओळ कुठल्याही स्मॉल ग्रुप टूरच्या माहितीत दिसली, की पैसे भरायच्या आधी फोन उचला आणि विचारा: आज घडीला किती जण आहेत, आणि ते कुठल्या बॅचमध्ये आहेत? दुसरा प्रश्न पहिल्यापेक्षा महत्त्वाचा आहे. तो मला कोणी आधी सांगितला असता, तर माझे कितीतरी आठवडे फोनवर गेले नसते.

टूर होती कोलकाता आणि हुगळी नदीकाठच्या युरोपीय गावांची. एक दिवस शहरात पायी फिरायचं, दुसऱ्या दिवशी गाडीनं श्रीरामपूर, चंदननगर, चुंचुडा आणि बँडेल. डॅनिश, फ्रेंच, डच आणि पोर्तुगीज अशा चार सत्तांची ठाणी हावड्यापासून उत्तरेला चाळीसेक किलोमीटरच्या पट्ट्यात, एकाच काठावर ओळीनं बसलेली आहेत. आमच्या नागपुरातून बंगालला जाणाऱ्या मोठ्या बसच्या टूर व्हिक्टोरिया, दक्षिणेश्वर, बेलूर मठ करून दार्जिलिंगला पळतात. श्रीरामपूरला कोणी नेत नाही. (आपल्या अहिल्यानगर जिल्ह्यातलं नव्हे, बंगालमधलं.) मला तर मुख्यतः तिथंच जायचं होतं, कारण विल्यम कॅरी या इंग्रज मिशनऱ्यानं मराठीचं व्याकरण १८०५ साली आणि मोडी अक्षरांतला मराठी कोश १८१० साली छापला तो याच गावात. त्याच्या मदतीला कोलकात्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजातले वैजनाथ पंडित होते. पुढे नागपूरकर भोसल्यांची वंशावळही श्रीरामपूरच्याच छापखान्यातून बाहेर पडली. नागपूरच्या माणसानं हे गाव पाहायलाच हवं, असं मला फार वर्षांपासून वाटत होतं.

तर बुकिंग. मी आणि माझी नणंद, अशा दोघींचे पूर्ण पैसे ऑनलाइन भरले. लगेच मोबाइलवर मेसेज आला, ‘आपले बुकिंग कन्फर्म झाले आहे’. तासाभरानं मेल आली, त्यात मात्र ‘आपली विनंती मिळाली’ असं होतं. सोबतच्या व्हाउचरच्या अगदी तळाला, पत्त्याच्या खाली, बारीक अक्षरात लिहिलेलं होतं की किमान प्रवासी झाल्यासच टूर निघेल. कन्फर्म म्हणायचं, पैसे घ्यायचे आणि अट तळाला टाकायची, ही पद्धत मला मुळीच मान्य नाही. अट पैसे भरायच्या बटणाच्या शेजारी हवी.

अडचण अशी, की रेल्वेचं आरक्षण साठ दिवस आधी उघडतं आणि डिसेंबरात नागपूर–हावडा मार्गावरच्या बर्थ बघता बघता संपतात. टूर निघणार की नाही हे कळेपर्यंत थांबलं, तर तिकीट जातं. तिकीट काढलं आणि टूर निघाली नाही, तर तिथं जाऊन करायचं काय? आम्ही तिकिटं काढली, हॉटेल घेतलं आणि फोन सुरू केले.

फोनवर दर वेळी नवा माणूस. प्रत्येक जण अतिशय गोड बोलायचा. “मॅडम, फक्त दोन जण कमी आहेत, होऊन जाईल.” पुढच्या आठवड्यात पुन्हा, “दोनच कमी आहेत.” त्याच्या पुढच्या आठवड्यात एकदम, “चार कमी आहेत मॅडम, एका जोडप्यानं कॅन्सल केलं.” मी विचारलं, का कॅन्सल केलं? म्हणे, वाट पाहून कंटाळले. मग माझ्यासमोर तीन पर्याय ठेवले गेले. तारीख बदला, ती फुकट. किंवा दोघींची प्रायव्हेट टूर करा, जवळपास दुप्पट पैसे देऊन. किंवा रद्द करा आणि निम्मे पैसे परत घ्या. तिन्हींत भुर्दंड आमच्याच डोक्यावर. तारीख बदलणं फुकट म्हणायला ठीक, पण आमच्या रेल्वेच्या तिकिटांचं आणि हॉटेलचं काय? लोक त्यांना मिळाले नाहीत, त्याची किंमत मात्र आम्ही मोजायची.

“वहिनी, सोड ना तो नाद. हावड्याहून लोकल आहे, आपण आपलं जाऊ,” असं नणंद रोज म्हणायची. तिचं बरोबर होतं, लोकल आहेच. हावडा–बँडेल मार्गावर ही सगळी स्टेशनं लागतात. पण मला बरोबर जाणकार माणूस हवा होता. जुन्या इमारतीसमोर नुसतं उभं राहून फोटो काढण्यात मला रस नाही. शिवाय पैसे आमचे होते आणि ते त्यांच्याकडे अडकले होते. मी सोडणार नव्हते.

गाठ सुटली ती एका मुलीमुळे. बहुतेक नवीन असावी. मी तिला म्हटलं, “बाळा, तुझ्या स्क्रीनवर जे दिसतंय ते मला फक्त वाचून दाखव.” तिनं वाचलं, “हिंदी बॅच, दोन प्रवासी.”

“हिंदी बॅच म्हणजे? दुसरी बॅच आहे का?”

“हो मॅडम, इंग्लिश बॅच. त्यात चार जण आहेत.”

तारीख तीच. गाडी तीच. गाइडसुद्धा तोच, कारण तो दोन्ही भाषा बोलतो. दोन अधिक चार म्हणजे सहा! आम्हाला कोणी भाषा विचारलेलीच नव्हती. नागपूरचा पत्ता पाहून कोणीतरी आमच्या नावापुढे हिंदी टाकलं होतं आणि दोन्ही याद्या आपापल्या जागी अपुऱ्या राहून पडल्या होत्या. म्हणजे ते जोडपं असताना एकूण आठ जण होते, आणि तरीही त्यांना आणि आम्हाला दोघांनाही ‘कमी आहेत’ हेच ऐकवलं जात होतं. त्या जोडप्याचे निम्मे पैसे विनाकारण गेले. मला माझ्या मनस्तापापेक्षा त्या दोघांच्या नुकसानीचा राग जास्त आला, आणि तो अजून आहे.

मी त्या मुलीला सांगितलं, आम्हाला इंग्रजी चालेल, आत्ता बदल. तिनं वरिष्ठांना विचारून सांगते म्हटलं. मग मी फोनवर विसंबले नाही, मेल लिहिली. तारीख, व्हाउचरचा नंबर, दोन्ही बॅचचे आकडे आणि ‘उद्या संध्याकाळपर्यंत लेखी कन्फर्मेशन पाठवा, अन्यथा ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवते’ एवढंच. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ हा नंबर सगळ्यांनी मोबाइलमध्ये ठेवावा. तो वापरायची वेळ आली नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी मेल आली, टूर निघणार म्हणून. मी ती मोठ्यानं वाचून दाखवली आणि नणंदेनं चहा टाकला.

बाकी सगळं सुरळीत. ठरल्या सकाळी गाइड हॉटेलच्या दारात हजर होता.

चुंचुड्याचाच तरुण मुलगा, आम्हा दोघींना पहिल्या मिनिटापासून ‘दीदी’. शहरातल्या दिवसाबद्दल थोडंच सांगते. सेंट जॉन चर्चच्या आवारात ईस्ट इंडिया कंपनीच्या जॉब चार्नॉकची कबर आहे, आणि तिथं त्यानं आवर्जून सांगितलं की चार्नॉक हा कोलकात्याचा संस्थापक नाही, असा उच्च न्यायालयानं २००३ साली निकाल दिलेला आहे. मग त्यानं आम्हाला बागबाजारला नेलं, मराठा डिच लेनमध्ये. १७४२ साली नागपूरकर भोसल्यांच्या फौजा बंगालवर चालून आल्या, तेव्हा घाबरलेल्या कोलकातेकरांनी शहराभोवती खंदक खणायला घेतला. मराठे शहरापर्यंत आले नाहीत, खंदक अर्धाच राहिला. तो बुजवून पुढे सर्क्युलर रोड झाला. आता तिथं एक साधी गल्ली आहे आणि तिच्या नावात आपण आहोत. गाइडनं बर्गींच्या, म्हणजे मराठा घोडेस्वारांच्या, स्वाऱ्यांबद्दल सांगितलं, जाळलेली गावं, पळालेली माणसं, आणि लेकरांना झोपवताना अजूनही घेतलं जाणारं बर्गींचं नाव. आम्ही शाळेत चौथाई आणि भास्करराम कोल्हटकर शिकलो, पण हे शिकलो नाही. मी नागपूरची आहे हे त्याला ठाऊक होतं, तरी त्यानं काही मऊ करून सांगितलं नाही. मला ते आवडलं. मोठ्या बसमध्ये असं कोणी बोलत नाही.

श्रीरामपूर १७५५ ते १८४५ डेन्मार्कच्या ताब्यात होतं, मग त्यांनी ते इंग्रजांना विकून टाकलं. सेंट ओलाव्ह चर्चच्या दर्शनी भागावर डॅनिश राजा सातव्या ख्रिश्चनची राजमुद्रा अजून आहे. मान वर करून पाहावी लागते, आणि दाखवणारा नसेल तर नक्की राहून जाते. नदीकाठची १७८६ ची डेन्मार्क टॅव्हर्न दुरुस्त करून उभी केली आहे. समोर पलीकडच्या काठावर बराकपूर. कॅरी आणि त्याचे सहकारी मिशनरी मार्शमन आणि वॉर्ड यांनी १८१८ साली काढलेल्या कॉलेजच्या खांबांसमोर मी बराच वेळ उभी होते. कॅरीच्या व्याकरणातलं मराठी देवनागरीत छापलं गेलं, कारण मोडीचे छपाईचे खिळे तोवर तयार नव्हते. पाच वर्षांनी कोश आला तो मोडीत. त्या पाच वर्षांत इथं कोणीतरी एकेक मोडी अक्षर धातूत कोरलं. आमच्या आजोबांच्या दस्तऐवजांतली ती वळणं, आणि ती छापायची सोय झाली गंगेकाठी! माझ्या घशात आवंढा आला, हे लिहायला मला संकोच नाही.

इथं एक आठवलं. बुकिंग करतानाच विचारून घ्या की कुठल्या ठिकाणी आत जायचं आहे आणि कुठं नुसतं बाहेरून बघायचं आहे. ‘भेट’ या शब्दात दोन्ही बसवतात. आणि संग्रहालयाची सुट्टी कुठल्या वारी असते तेही विचारा; चंदननगरचं फ्रेंच गव्हर्नर द्युप्लेच्या घरातलं संग्रहालय बघायचं असेल तर त्यानुसारच वार निवडा.

चंदननगर फ्रेंचांकडे १९५० पर्यंत होतं. देश स्वतंत्र झाला तरी हे गाव परक्यांचंच. १९४९ मध्ये सार्वमत झालं, लोकांनी भारताच्या बाजूनं कौल दिला, आणि १९५४ साली गाव पश्चिम बंगालात आलं. नदीकाठचा स्ट्रँड रुंद, स्वच्छ, झाडांच्या सावलीतला. बाकांवर म्हातारी माणसं निवांत बसलेली. इथं जलभरा संदेश ही मिठाई खायचीच. वरून साधा संदेश दिसतो, आत गुलाबपाणी भरलेलं असतं. नव्या जावयाची फजिती करायला म्हणून एका जमीनदाराच्या घरानं हलवायाकडून तो करवून घेतला, अशी गोष्ट सांगतात. थोडा थोडा कुरतडत खा. मोठा घास घेतला की पाणी थेट साडीवर. नणंदेच्या पदराला दिवसभर गुलाबाचा वास येत होता.

चुंचुडा डचांनी १८२४ च्या तहानुसार इंग्रजांना दिलं. सुझाना अॅना मारिया या डच बाईची घुमटाची कबर रस्त्याकडेला आहे; तिचे दोन नवरे कागदोपत्री, पण गावकरी ‘सात साहेबांच्या बीबीची कबर’ म्हणतात. हुगळीचा इमामबाडा मात्र घाई न करता बघा. मनोऱ्यात पुरुषांना आणि बायकांना चढायला वेगवेगळे जिने आहेत. वर जे घड्याळ आहे, त्याला चावी द्यायला दोन माणसं लागतात, इतकी ती चावी जड आहे. पायऱ्या उंच आणि अंधाऱ्या आहेत, गुडघे दुखत असतील तर खालीच थांबा. तिथून बँडेलचं चर्च, मूळ १५९९ चं. शहाजहानच्या फौजेनं १६३२ मध्ये ते पाडलं आणि १६६० मध्ये ते पुन्हा उभं राहिलं.

बायकांसाठी सांगते: वाटेत स्वच्छतागृहाची सोय फार कमी आहे. श्रीरामपूरच्या टॅव्हर्नमध्ये आणि चंदननगरला जेवणाच्या ठिकाणी जाऊन घ्या, पुढचा भरवसा धरू नका.

आणि परतीचं. टूर संपते बँडेलला, आणि गाडी जीटी रोडनं परत कोलकात्याला येते. हा रस्ता अरुंद, दोन्ही बाजूंनी दुकानं, त्यात टोटोंची, म्हणजे ई-रिक्षांची, गर्दी. आम्ही गाइडला सांगून बँडेल स्टेशनवर उतरलो आणि लोकल पकडली. बँडेलहूनच सुटणारी लोकल घेतली की बसायला जागा मिळते, साधारण तासाभरात हावडा. गाडीत बसलेली मंडळी आमच्यानंतर बऱ्याच उशिरा पोचली, आणि त्यांचं जेवणही राहिलं होतं.