उसनी दिलेली कातडी

शुक्रवार, रात्रीचे साडेअकरा

आज ओपीडीत पावणेदोन तास गेले. बाकावर शेजारी बसलेल्या काकूंनी माझ्या कोपराकडे पाहिलं आणि पर्स हळूच आपल्या मांडीवर ओढून घेतली. ‘सोरायसिस लागत नाही हो काकू’ हे वाक्य तोंडपाठ आहे, पण आज म्हणायचाच कंटाळा आला.

घरी येऊन मलम चोपडलं, पलंगावर जुनी चादर टाकली आणि ‘द सिंगिंग डिटेक्टिव्ह’चा पहिला भाग पुन्हा लावला. डेनिस पॉटरनं लिहिलेली, बीबीसीची १९८६ची सहा भागांची मालिका. फिलिप मार्लो हा रहस्यकथा लिहिणारा लेखक इस्पितळात पडलाय. अंगभर खपल्या, सांधे धरलेले, साधी सिगारेट पेटवायची तर दुसऱ्याचं तोंड बघायचं. तरुण, देखणी नर्स त्याला मलम लावायला येते आणि शरीरानं ऐन वेळी फजिती करू नये म्हणून हा जगातल्या रटाळातल्या रटाळ गोष्टी आठवत बसतो. दर वेळी मी फस्सकन हसते. मार्लो तोंडाळ आहे, संशयी आहे, बायकोशी तर हलकटासारखा वागतो. आजारी माणूस सोशिकच असणार, असं आपल्या मालिकांनी ठरवूनच टाकलंय. हा अजिबात सोशिक नाही, म्हणून तो मला आपला वाटतो.

पॉटरला स्वतःला हाच आजार होता, सांध्यांसकट. पंचविशीनंतर जडला तो जन्माचा. ग्लॉस्टरशरमधल्या फॉरेस्ट ऑफ डीनच्या खाणकामगाराचा हा मुलगा ऑक्सफर्डला गेला, पत्रकार झाला, १९६४ला मजूर पक्षाकडून उभा राहून पडला. पुढच्याच वर्षी नायजेल बार्टन नावाच्या पात्रावरच्या दोन टीव्ही नाटकांत त्यानं खाण, कॉलेज आणि निवडणूक सगळंच वापरून टाकलं. बोटं वाकडी झाली, तरी लिहायचा हातानंच. मात्र मार्लो म्हणजे मी नव्हे, हे तो बजावून सांगायचा. मला ते पटतं. कातडी उसनी देता येते. आतला माणूस कशाला द्यायचा?

पॉटरच्या मालिकांतल्या गाण्यांचं मात्र मला आधी काहीच अप्रूप वाटलं नव्हतं. त्याच्या ‘पेनीज फ्रॉम हेवन’ या मालिकेत (१९७८) पात्रं मधेच जुन्या रेकॉर्डवर ओठ हलवतात, याचं तिकडे केवढं कौतुक! आपण तर प्लेबॅकवरच वाढलो. पण त्यातला नट बॉब हॉस्किन्स याच्या तोंडून अचानक बाईचा आवाज येतो, तेव्हा चमकले. आपल्याकडे आवाज नायकाचाच वाटावा यासाठी सगळी खटपट. पॉटर तो उसना आहे हे मुद्दाम दाखवतो. आणि मार्लोभोवती डॉक्टरांचा राउंड चालू असताना अख्खा वॉर्डच ‘ड्राय बोन्स’ या गाण्यावर नाचायला लागतो. आज ओपीडीत मी मनातल्या मनात आमच्या मोठ्या डॉक्टरांना त्यात उभं केलं. बरे नाचले.

झोपण्याआधी टीव्हीवाल्या मेल्विन ब्रॅगनं १९९४ला घेतलेली पॉटरची मुलाखत थोडी पाहिली. स्वादुपिंडाचा कॅन्सर, हाताशी सिगारेट, दुखायला लागलं की फ्लास्कमधून मॉर्फिनचा घोट. गाठीला यानं नाव दिलं होतं रूपर्ट, वृत्तपत्रांचा बडा मालक रूपर्ट मर्डॉक याच्यावरून! खिडकीबाहेरच्या फुललेल्या झाडाबद्दल बोलताना चेहरा असा की जणू आजच झाड पाहिलंय. मरायच्या आधी दोन मालिका संपवायच्या होत्या आणि बीबीसी व चॅनल फोर या दोघांनी मिळून त्या दाखवाव्यात, असा हट्ट होता. संपवल्या त्यानं. जूनमध्ये तो गेला, त्याच्या आठ-नऊ दिवस आधी बायको गेली, तीही कॅन्सरनंच. मालिका १९९६ला दोन्हीकडे लागल्या.

चादरीवर पुन्हा कोंडा पडलाय. उद्या झटकेन. ‘ड्राय बोन्स’ काही डोक्यातून जात नाही.